कांजूरमार्गला बॅटरी तापवताना

या वर्षी आपल्या इथल्या मराठी मंडळातलं कुणीच मायदेशी, घरी जाऊ शकलं नाही. कुणाच्या मुलांच्या परीक्षा, कुणाला रजा नाही, कुणाकडे नवं बाळ. मी तेवढी जाऊन आले, तीही कामानिमित्त. संक्रांतीला आपण जमलो तेव्हा तुम्ही सगळ्यांनी मला मधोमध बसवून विचारलंत, 'कसं आहे गं तिकडे?' मी तोंड उघडणार तोच पोरांनी दंगा सुरू केला आणि विषय तिथेच राहिला. बाहेर गुडघाभर बर्फ आहे, रविवार आहे, म्हणून आता सगळं सावकाश लिहिते.

आधी काम काय होतं ते सांगायला हवं. आपल्या गावाबाहेर समुद्राकडे जाताना पवनचक्क्यांच्या पायथ्याशी पांढऱ्या पेट्यांची रांग दिसते, ती तुम्ही सगळ्यांनी पाहिली आहे. त्यात काय असतं असं दर वर्षी कुणीतरी मला विचारतं, आणि मी सांगायला लागले की तोच माणूस लोणचं पुढे करतो. आज तशी सोय नाही. त्यात सोडियम असतं आणि गंधक असतं, दोन्ही वितळलेलं, आणि दोघांच्या मध्ये चिनी मातीसारख्या पदार्थाची एक नळी. नळीतून जेवढं जायला हवं तेवढंच पलीकडे जातं आणि त्यातून वीज साठते, पुन्हा बाहेर येते. दोन्ही पातळ राहावीत म्हणून पेटीच्या आत कायम तीनशे अंशांच्या वर उष्णता ठेवावी लागते. ही बॅटरी फोनच्या किंवा गाडीच्या कामाची नाही. दुपारच्या उन्हाची वीज धरून ठेवायची आणि संध्याकाळी आख्ख्या उपनगराने एसी लावला की ती परत द्यायची, हे तिचं काम.

अशाच पेट्या मुंबईत कांजूरमार्गला खाडीच्या बाजूला बसवल्या होत्या. जहाजातून येताना त्या गार असतात, आत सगळं घट्ट. जागेवर आल्यावर त्यांना आतल्या हीटरने हळूहळू तापवायचं. आठवडाभराहून जास्त लागतो. घाई केली तर नळी तडकते, आणि नळी तडकली की सोडियम आणि गंधक थेट एकमेकांना भेटतात, ते कुणालाच परवडत नाही. एकदा वितळलं की पुन्हा घट्ट होऊ द्यायचं नाही. मी गेले होते ते हे तापवण्यासाठी.

आणि आणखी एका गोष्टीसाठी, जी मी तुमच्यापैकी कुणालाच सांगितली नव्हती. तिथे पुढची काही वर्षं आमच्याकडचं कुणी कायम ठेवायचं का, हे कंपनीला ठरवायचं होतं. ठेवायचं ठरलं तर ती जागा माझी, हे माझे जपानी साहेब सातो-सान यांनी कबूल केलं होतं. 'तू जा, बॅटरी तापव आणि मला सांग, तिथे आपल्या माणसाची गरज आहे का,' एवढंच ते म्हणाले. म्हणजे घरी परत जाण्याचा रस्ता माझ्याच एका वाक्यावर होता. विमानात मी ते वाक्य मनातल्या मनात तयारसुद्धा करून ठेवलं होतं.

पार्ले

विमानतळावरून रिक्षा केली. बसण्याआधी मी रिक्षावाल्याला कमरेत वाकून नमस्कार केला. इकडची सवय, अंगातून जात नाही. त्याने आरशातून दोनदा बघितलं आणि विचारलं, "मॅडम, तुम्ही इथल्या नाही ना?"

मी पार्ल्यात जन्मले, पार्ल्यात शिकले, कॉलेजसुद्धा चालत जाण्याच्या अंतरावर. त्या माणसाला मी घरापर्यंत एकेक वळण असं ठणकावून सांगितलं की उतरेपर्यंत तो गप्प होता. पण राग त्याचा नव्हता. वळणं सांगताना दोन ठिकाणी मीच चुकले होते, कारण तिथली ओळखीची घरं जाऊन टॉवर आले होते आणि मला वळणं घरांच्याच खुणेने पाठ होती.

बाबा ऐंशीला टेकलेत. विमा कंपनीतून निवृत्त होऊनही फार वर्षं झाली. आई गेल्यावर सगळ्यांना वाटलं होतं की हे आता खचणार. ते खचले नाहीत. फोनवर बघून स्वयंपाक शिकले, मसाल्याच्या डब्यांवर चिठ्ठ्या चिकटवल्या आणि माझ्या खोलीत ब्रिजचं टेबल मांडून तीन म्हातारे जमवले. दार उघडून म्हणाले, "आलीस? हात धू, वरण गरम आहे."

वरणभात, तूप, लिंबू. भात जरा मऊ झालेला, तूप सढळ. आपण इथे तूप कढवतो, पण खरं सांगा, इकडच्या लोण्याला तो वास येतो का? मी रडले नाही. दुसऱ्यांदा भात मागताना आवाज बसला, एवढंच. बाबांनी वाढता वाढता विचारलं, सर्दी झाली का.

परत येण्याचं त्यांना मी फोनवर आधीच सांगितलं होतं. तेव्हा ते 'बघ बाई, तुझं तू' म्हणाले होते. आता समोरासमोर ते काहीतरी विचारतील अशी माझी अपेक्षा होती. राहा म्हणतील, नको म्हणतील, निदान पगाराचं विचारतील. त्यांनी विचारलं की माझ्या बॅटरीवर त्यांचा इन्व्हर्टर चालेल का.

पहिले दोन दिवस मी बावळटासारखी वागले. पाण्याची रिकामी बाटली कुठल्या कचऱ्यात टाकायची हे न कळल्यामुळे पर्समध्ये घेऊन हिंडले. रस्ता रिकामा असताना सिग्नल लाल म्हणून उभी राहिले, तर मागून एक आजीबाई "काय झालं गं, चक्कर आली का?" म्हणत माझा हात धरून पलीकडे घेऊन गेल्या. कुणी असा माझा हात धरून किती वर्षं झाली, याचा मी पलीकडे गेल्यावर हिशेब करत राहिले. आजीबाई केव्हाच भाजीवाल्याशी भांडायला लागल्या होत्या.

कांजूरमार्ग

रोज सकाळी कंपनीची गाडी जोगेश्वरी-विक्रोळी रस्त्याने मला न्यायची. रस्ता जिथे खणलेला नव्हता तिथे खणायची तयारी चालली होती. जागेच्या एका बाजूला मिठागरं, दुसऱ्या बाजूला लांबवर कचऱ्याचा डोंगर, मध्ये आमच्या पेट्या. ऑक्टोबरचं ऊन, आणि वास असा की डोळ्यांत पाणी यावं.

तिथे मला ग्लेंडा भेटली. ती त्या जागेची मुख्य इंजिनियर, तिशी ओलांडलेली, जवळच्याच कांजूर गावातल्या जुन्या ख्रिस्ती घरातली. घरी मराठी, देवळात म्हणजे चर्चमध्ये मराठी, रागावली की त्याहून मराठी. तिचे आजोबा याच मिठागरांवर कामाला होते. मी नाकाला रुमाल लावलेला बघून ती म्हणाली, "ताई, दोन दिवस थांब. नाक मरतं. मग इथे बसून डबापण खाता येतो."

दुसरे परबमामा. ते पॅनेलचं काम करणाऱ्या ठेकेदाराचे फोरमन, मूळचे कुडाळकडचे. उभं आयुष्य कारखान्यांत गेलेलं. प्रत्येक यंत्राला ते 'ती' म्हणतात आणि जवळून जाताना तिच्यावर हात ठेवतात, गोठ्यातून जाताना म्हशीवर ठेवावा तसा. आग लागली तर हिच्यावर पाणी मारायचं नाही, कोरडी वाळू टाकायची, हे मी त्यांना सांगितलं. दुसऱ्या दिवशी वाळूच्या बादल्यांना त्यांनी स्वतः लाल रंग दिला.

तापवायला सुरुवात झाली. हे काम बघणाऱ्याला कंटाळवाणं वाटतं. थोडं चढवायचं, थांबायचं, सगळ्या पेट्या एका पातळीवर आल्या की पुन्हा थोडं चढवायचं. मी ग्लेंडाला शिकवत गेले आणि तिने ते भराभर उचललं. ती एकदा विचारलेला प्रश्न पुन्हा विचारायची नाही. मला शिकवायची हौस आहे आणि इतकी चांगली विद्यार्थिनी खूप दिवसांत मिळाली नव्हती, त्यामुळे माझ्या लक्षातच आलं नाही की मी काय करते आहे.

एका दुपारी शेजारच्या टॉवरमधले चार-पाच रहिवासी तक्रार घेऊन आले. तुमच्या गंधकाचा वास आमच्या हॉलमध्ये येतो, मुलं खोकतात, हे बंद करा. पेट्या बंद असतात, त्यातून वास येणं शक्यच नाही, हे मी समजावू लागले तर ते आणखी चिडले. ग्लेंडाने त्यांना चहा दिला, आत नेलं, एकेकाला पेटीला नाक लावून वास घ्यायला लावला. मग बाहेर आणून कचऱ्याच्या डोंगराकडे तोंड करून उभं केलं आणि म्हणाली, आता दीर्घ श्वास घ्या. ते लोक जाताना तिला सोसायटीच्या गरब्याचं आमंत्रण देऊन गेले. मी एकटी असते तर पोलीस बोलवावे लागले असते.

वर्सोवा

रविवारी ग्लेंडा म्हणाली, मी आहे, तू बाबांबरोबर फिरून ये. बाबांना विचारलं कुठे जायचं, तर म्हणाले वर्सोवा. नवरात्र बसलं होतं आणि नवरात्रात ते मासे खात नाहीत. देवावर त्यांचा काडीचा विश्वास नाही, पण आई पाळायची, म्हणून ती गेल्यावर ते पाळतात. मग नवरात्रात वर्सोव्याला जायचं कशाला, असं मी विचारलं. म्हणाले, बघायला काय बंदी आहे?

कोळीवाड्यात बांबूंवर बोंबील वाळत होते. बाबा तिथे हात मागे बांधून उभे राहिले आणि त्यांनी सावकाश, अगदी पोट भरून वास घेतला. जाळं विणत बसलेल्या एका कोळणीने हसून सुके बोंबील पुढे केले. बाबांनी मान हलवली आणि मला म्हणाले, "तुझी आई असती तर वास घेतला म्हणूनसुद्धा ओरडली असती." आवाज नेहमीचाच होता, पण त्यांनी खिशातून चष्मा काढला, पुसला आणि न घालता परत ठेवला.

मग आम्ही मढला जाणाऱ्या बोटीत बसलो. एवढीशी खाडी, बसेपर्यंत पलीकडे. शेजारी मोटरसायकली, मासळीच्या टोपल्या, एक नवरानवरी फोटो काढायला निघालेली. आपल्या गावाबाहेरचा समुद्र आठवला. राखाडी, स्वच्छ, आणि किनाऱ्यावर माणूस असलाच तर तो कुत्र्याशीसुद्धा हळू आवाजात बोलतो. वर्सोव्याचं पाणी काळं, पण बोटीत सगळे एकदम बोलत होते आणि मला सगळ्यांचं सगळं कळत होतं. हे किती मोठं सुख आहे ते इथे बसून तुम्हालाच समजेल.

बाबांनी पाण्याकडे बघत विचारलं, "तिथे तुला बोलायला कुणी आहे ना?"

"आहेत की. मंडळ आहे आमचं."

"मंडळ महिन्यातून एकदा भेटतं."

मी काही म्हणणार तेवढ्यात बोट धक्क्याला लागली आणि मोटरसायकलवाल्यांनी एकच गडबड केली. परतीच्या बोटीत त्यांनी तो विषय काढला नाही. मीही काढला नाही. आमच्या घरात विषय असेच किनाऱ्याला लागतात आणि उतरून जातात.

कांजूर गाव

ग्लेंडाच्या आईने जेवायला बोलावलं. टॉवरांच्या मध्ये कांजूर गाव अजून आहे. बोळाच्या तोंडाशी फुलं वाहिलेला क्रूस, पुढे बैठी घरं, ओट्यावर बसलेल्या बायका आणि येणाऱ्याजाणाऱ्याची चौकशी. मी लुगड्यातल्या एका म्हातारीला नमस्कार केला तर तिने मला कुणाची, कुठली, लग्न झालं का, हे तीन प्रश्न एका दमात विचारले. लग्न झालं नाही, ते का झालं नाही हा वेगळाच प्रवास आहे आणि तो मंडळात वाचण्यासारखा नाही.

जेवायला फुगे होते, म्हणजे तळलेले मैद्याचे गोल गोळे, बाहेरून खरपूस आणि आत पोकळ. त्याबरोबर कोंबडीचा लाल रस्सा. त्यातला मसाला उन्हाळ्यात कुटून वर्षभर बाटल्यांत ठोसून ठेवतात. रस्सा तिखट होता पण त्याची चव तिखटापलीकडे कुठेतरी जात होती. बाबांचं नवरात्र घरी ठेवून मी तीनदा वाढून घेतलं.

ग्लेंडा फुगा तोडत म्हणाली, "ताई, तू इथेच राहा ना यार. तू असलीस की मला टेन्शन नाही."

मला इतकं बरं वाटलं की सगळं तिथेच सांगून टाकावं असं झालं. पण तिची आई मध्येच बोलायला लागली. ग्लेंडाला आखातात नोकरी मिळत होती, ती गेली नाही. इतकी वर्षं दुसऱ्यांच्या हाताखाली राबली, प्रत्येक ठिकाणी काम हिचं आणि सही वरच्याची. आता म्हणते की आजोबांच्या मिठागराशेजारी हे उभं राहतंय तर हे मी चालवणार, माझं म्हणून. ग्लेंडाने आईला डोळ्यांनी गप्प केलं आणि मला म्हणाली, हिचं काही ऐकू नको. मी आणखी एक फुगा घेतला. मी इथे राहिले तर ती वरची सही माझी होणार होती.

खंडेनवमी

आता जे घडलं ते आपल्याच मुलखात घडू शकतं. त्या सकाळी मी सुट्टी घेऊन बाबांबरोबर पार्ल्याच्या बाजारात झेंडू घ्यायला गेले होते. फुलवाल्याशी बाबांची घासाघीस चालू असताना फोन वाजला. ग्लेंडा होती. म्हणाली, "ताई, घाबरू नको. हीटर सकाळपासून बंद होते. आत्ता चालू करायला घेतलेत."

मी फुलं, बाबा, सगळं तिथेच टाकून गाडीत बसले. आतलं सोडियम आणि गंधक दोन दिवसांपूर्वीच वितळलं होतं. ते पुन्हा घट्ट झालं असतं, नळ्या तडकल्या असत्या, तर सगळं गेलं. त्या रस्त्यावर मी काय काय मनात आणलं ते लिहीत नाही. पण एक विचार असाही आला, आणि तो लपवला तर या लिहिण्याला अर्थ नाही, की आता तर माझी गरज आहे हे कुणीही मान्य करील.

झालं होतं असं. ग्लेंडा सकाळी परवानगीच्या कामाला वॉर्ड ऑफिसात गेली होती. परबमामांनी परंपरेप्रमाणे पेट्या पुसल्या, हळदकुंकू लावलं, झेंडूच्या माळा घातल्या, नारळ फोडला. आणि खंडेनवमीला प्रत्येक कारखान्यात करतात तेच केलं. पॅनेलचा मुख्य स्विच खाली ओढला, यंत्राला विसावा दिला. धोक्याची घंटा वाजली, तर स्विच बंद केल्यावर ती वाजणारच म्हणून तीही बंद केली. कंपनीच्या जाडजूड सूचनांमध्ये भूकंप आहे, वादळ आहे, उंदीरसुद्धा आहेत. खंडेनवमी नाही.

मी पोचले तेव्हा पेट्या घुमत होत्या. ग्लेंडाने परत आल्याबरोबर आवाज नाही हे कानाने ओळखलं होतं. आधी प्रत्येक पेटीचं तापमान पाहिलं. पेट्यांना थर्मासच्या बाटलीसारखं जाड आवरण असतं, त्यामुळे सगळ्यात गार पेटीसुद्धा अजून धोक्याच्या बरीच वर होती. मग तिने सगळं एकदम पेटवलं नाही. गार पेट्या आधी, गरम नंतर, सगळ्यांना एका पातळीवर आणून थांबवलं. हे मी तिला कधीच सांगितलं नव्हतं. मी फक्त घाई का करायची नाही ते सांगितलं होतं. शिवाय माझी वाट न बघता तिने सातो-सानच्या ऑफिसला सगळं कळवलंही होतं, आणि त्यात परबमामांचं नाव नव्हतं. 'आम्ही आमच्या माणसांना समजावून सांगितलं नव्हतं' असं होतं.

परबमामा लाल बादली उलटी करून तिच्यावर बसले होते. चेहरा उतरलेला. मला बघून म्हणाले, "बाय, वर्सभर राबतली ती. एक दिस इसावो नको?"

ग्लेंडा त्यांच्यासमोर उकिडवी बसली आणि म्हणाली, "मामा, हिला थांबवणं म्हणजे हिचा जीव घेणं. हिची पूजा हिला चालू ठेवूनच करायची. पुढच्या वर्षी तुम्हीच करायची, मी ताट धरीन."

मग पूजा पुन्हा झाली, हीटर चालू असताना. पंख्यांच्या जाळीवरच्या माळा काढून मामांनी दाराच्या कड्यांना बांधल्या आणि गरम पेटीला हात जोडले. नव्या वर्षाला आमच्या इकडच्या कारखान्यात यंत्रांपुढे मोची, म्हणजे तांदळाचे गोळे, मांडतात, तुम्ही पाहिलंय. ते मी सांगितलं तर मामांना फार आनंद झाला. म्हणाले, म्हणजे तिथली माणसंही आपल्यासारखीच. पेढे वाटले. एक पेढा मी बाबांसाठी रुमालात बांधून घेतला.

दुसऱ्या दिवशी, दसऱ्याला, पेट्या पूर्ण तापल्या आणि दुपारी उतरत्या उन्हात पहिल्यांदा त्यांच्यातून वीज बाहेर गेली. यात बघण्यासारखं काहीही नसतं. पडद्यावर एक आकडा बदलतो. मामांनी विचारलं, झालं? मी म्हटलं, झालं. कुठेतरी भांडुपच्या एखाद्या स्वयंपाकघरात आमच्या विजेवर श्रीखंड फेटलं जात असेल असं ग्लेंडा म्हणाली आणि स्वतःच हसली.

मग सातो-सानचा फोन आला. मी मिठागरांच्या बाजूला जाऊन उभी राहिले. ते म्हणाले, कालच्या प्रकाराने वरचे लोक अस्वस्थ आहेत. आपला माणूस तिथे ठेवायला हे कारण पुरेसं आहे. तू हो म्हण, या आठवड्यात सही करून घेतो. माझ्या मनातलं त्यांना ठाऊक होतं, आणि ते ताटात वाढून पुढे करत होते.

समोर मिठाचे ढीग होते. मला हो म्हणायचं होतं. ते खोटंही ठरलं नसतं, हीटर बंद झाले होतेच. पण त्यांनी जो प्रश्न विचारला होता त्याचं उत्तर मागे पॅनेलपाशी उभं राहून मामांना स्विचवर लावायची लाल पाटी लिहून देत होतं. मी म्हटलं, गरज नाही, ग्लेंडा आहे. मग त्यांनी आपण सगळे काम संपल्यावर रोज ऐकतो ते 'ओत्सुकारेसामा', म्हणजे 'दमलात, छान केलंत', असं म्हटलं, पण नेहमीपेक्षा हळू.

ग्लेंडाला सांगितलं की इथलं आता सगळं तुझ्याकडे. तिचा चेहरा आधी उजळला, मग माझ्याकडे बघून पडला. "म्हणजे तू नाही येणार?" मी म्हटलं, येईन की, फुगे खायला. मी काय सोडलं हे तिला माहीत नाही. तुम्हीही कधी भेटलात तर सांगू नका.

पुन्हा पार्ले

संध्याकाळी बाबांच्या हातात आपट्याचं पान ठेवलं, वाकून नमस्कार केला आणि तेव्हाच सांगून टाकलं की ती जागा काही होत नाहीये, मी परत जाते. ते "बरं" म्हणाले. मग मी रुमालातून काढलेला कालचा पेढा त्यांनी निम्मा मला दिला आणि आपला निम्मा खाऊन टीव्ही लावला. मला वाटलं होतं त्यापेक्षा हे सोपं झालं, आणि सोपं झालं याचाच राग आला. यांना माझी काही गरज नाही. ब्रिज आहे, चिठ्ठ्या लावलेले डबे आहेत, तीन म्हातारे आहेत.

सकाळी मी बॅग भरत होते. इतके दिवस मी बॅगेतूनच कपडे काढत होते आणि बॅगेतच ठेवत होते. बेल वाजली. दारात एक सुतार, कानावर पेन्सिल. म्हणाला, काकांनी बोलावलंय, आतल्या खोलीत कपाट करायचंय, माप घ्यायला आलोय. मी म्हटलं, कसलं कपाट? तो म्हणाला, "लेडीज कपाट. काका बोलले ना, मुलगी कायमची येणार आहे."

बाबा स्वयंपाकघरातून हातात चमचा घेऊन बाहेर आले होते. त्यांनी माझ्याकडे बघितलं नाही. नको म्हणून सांगायचं त्यांच्या लक्षात राहिलं नव्हतं की त्यांनी मुद्दामच सांगितलं नव्हतं, हे मला अजून कळलेलं नाही. सुतार आमच्या दोघांकडे आळीपाळीने बघत उभा होता.

"आलायस तर घे माप," बाबा म्हणाले आणि आत गेले.

आम्ही दोघांनी ब्रिजचं टेबल भिंतीपासून सरकवलं. सुताराने टेप काढली, दुसरं टोक मला धरायला दिलं. मग विचारलं, ताई, साड्या जास्त की ड्रेस, त्यावर आतले कप्पे ठरतील. मी म्हटलं, साड्या. माझ्याकडे साड्या चारसुद्धा नसतील.

हे सगळं ऑक्टोबरातलं. कांजूरमार्गचं सुरळीत चाललंय, ग्लेंडा अधूनमधून फोटो पाठवते. काल बाबांचा फोन आला होता. इकडची थंडी विचारून झाली, त्यांचा गुडघा सांगून झाला, आणि फोन ठेवता ठेवता म्हणाले की कपाट आलं, खोलीत बरोबर बसलं, दारं जरा जड आहेत. मी विचारलं, मग काय ठेवलंत त्यात?

"काही नाही," बाबा म्हणाले. "तुझं आहे ते."